सलव्यात ऐकलेली दादाची कॅसेट

आणीबाणी उठली, सरकार पडलं, थोरला भाऊ तुरुंगातून सुटला, आणि इकडे कुवेतमध्ये मी पुढारी झालो. नोकरी इस्पितळात एक्स-रे काढायची. पण आम्ही राहायचो त्या सलवा वस्तीतल्या मराठी मंडळींना लोकशाही समजावण्याचं काम मी फुकटात पत्करलं. भांडवल एकच: दादा, ज्याला सभेत माइक लागत नसे.

घरी फोन नव्हता. बोलणं कॅसेटवर चाले, येणाऱ्याजाणाऱ्याच्या सामानातून. आणीबाणीभर दादा आत, आणि घरच्यांशीही तब्येतपाण्यापलीकडे मी तीत काही बोललो नव्हतो. आता मी दणकून भरून पाठवली, "दादा, आता कुणाच्या बापाची भीती नाही! सभेत बोलायचास तसा बोल."

उत्तराची कॅसेट कुवेतच्याच राई भागातल्या गॅरेजात काम करणाऱ्या रत्नागिरीच्या मित्राने आणून दिली. मी लगेच शुक्रवारी सगळ्यांना जेवायला बोलावलं.

"आधी एकदा ऐकून तरी घ्या," बायको म्हणाली.

"डरकाळीची काय रंगीत तालीम घ्यायची?"

श्रीखंड वाढलं, बटण दाबलं. दादा बोलला, "तब्येत बरी आहे. जेवण वेळेवर मिळतं. कुणाबद्दल तक्रार नाही." थांबला. पुन्हा तेच. तुरुंगात भेटीच्या वेळी शिपायासमोर तो एवढंच बोलायचा, हे मला पुढे कळलं.

"भाऊजी, आवाज वाढवा ना," जेवायला आलेल्या डॉक्टरांची बायको म्हणाली. वाढवला. हेड स्पिरिटने पुसलं, टेपरेकॉर्डरला दोन चापट्या मारल्या. दादा तेवढाच हळू.

तेवढ्यात टेपमध्ये वहिनीचा आवाज आला, "अहो, आता कोण ऐकतंय? धाकटा भाऊच ना? बोला मोकळेपणाने."

"तो एकटाच ऐकेल कशावरून?" दादा म्हणाला.

खोली माणसांनी भरलेली. वाट्यांतले चमचे थांबले.

"बंद कर रे," मित्र पुटपुटला. माझं बोट, सवयीप्रमाणे, भलत्याच बटणावर पडलं, आणि दादाने तेच वाक्य सगळ्यांना पुन्हा ऐकवलं.

पाहुणे गेल्यावर दार लावून मी नवी कॅसेट भरायला बसलो. "दादा, मी एकटाच आहे." खोटं वाटलं, पुसलं. "इथे कुणी नाही, सांग." हे तर फौजदारासारखं झालं, तेही पुसलं. शेवटी नुसतं "बोल ना रे" एवढंच पाठवलं.

उत्तरात वहिनीच बोलली. "भाऊजी, मशीन लावलं की हे उठून जातात. आता पाठवू नका." तिने बटण दाबण्याआधी मागे दारापाशी कुणीतरी खाकरलं. दादाच. तेवढा तुकडा मी मागे घेऊन घेऊन इतका वाजवला, की एके दिवशी मशीनने टेपच खाल्ली.