डोळ्यांना पाणी लावायचं नाही

मंगळवार, पहाटेचे पाच वाजून बारा मिनिटं. चंदना मगदूम दोन्ही हातांनी फडक्यात पातेलं धरून उकळलेलं पाणी पितळी कळशीत ओतते आहे. तोंड मात्र खिडकीकडे वळवलेलं आहे. पाण्याची धार ती पाहत नाही. आवाजावरून कळशी किती भरली ते तिला कळतं.

"कुकर चावतोय, पातेलं चावतंय. सरळ हुबं राहायला काय हुतंय तुला?" सासूबाई गुणमाला दारातून विचारतात. सोवळं नेसून त्या देवळात निघाल्या आहेत.

"वाफ लागती आत्या."

"आमाला चाळीस वर्सं लागतीय."

समडोळीतल्या या जैन घरात पाणी गाळून, उकळून पितात. गुणमालांचं तसं व्रतच आहे. त्यामुळे वर्षाचे तीनशे पासष्ट दिवस पहाटे पातेलं चढतं आणि सून ते उतरवते. वाफेचं कारण तिच्या पापण्यांवर आहे. तिथे काळ्या कृत्रिम केसांची एक जादा रांग चिकटवलेली आहे. एकेक केस चिमट्याने उचलून, गोंदात बुडवून, खऱ्या पापणीच्या केसावर बसवायचा. एका डोळ्याला नव्वदच्या आसपास. पूर्ण सेटला दोन तास लागतात. हे काम चंदना स्वतः करते, सांगलीतल्या एका पार्लरमध्ये, गेली तीन वर्षं.

गिऱ्हाईक उठून बसलं की ती हातात आरसा देते आणि नियम सांगते. पहिले अठ्ठेचाळीस तास डोळ्यांना पाणी लावायचं नाही. वाफ घ्यायची नाही, चुलीपुढे, कुकरपुढे वाकायचं नाही. त्यानंतर रोज हलक्या फेसाने धुवायचं, पण चोळायचं नाही. टिपायचं, छोट्या ब्रशने विंचरायचं, पंख्यासमोर वाळवायचं. तेल, तूप, साय, तेलकट क्रीम कधीच नाही, कारण तेलाने गोंद सुटतो. तिचा आवाज या वेळी शाळेतल्या बाईंसारखा होतो. गेल्या महिन्यात रहिमतपूरची एक नवरी आली होती. तिने सगळं ऐकून घेतलं आणि विचारलं, "आणि पाठवणीला रडायला आलं तर वो?"

"रडा की. पुसायचं मात्र न्हाई. टिशूनं टिपायचं."

"आमची आई पदरानं पुसती."

"मग आईला आधी सांगून ठेवा."

खुर्चीवरच्या बायका हसल्या. चंदनाही हसली. पण आईला, किंवा सासूला, आधी सांगून ठेवणं किती सोपं असतं हे तिला तेव्हा नीट माहीत नव्हतं.

चंदनाचा नवरा भरतेश साताऱ्याच्या औद्योगिक वसाहतीत मशीन चालवतो. लग्नाला सहा वर्षं झाली, त्यातली चार तो तिकडे आणि ती इकडे. दोन आठवड्यांतून एकदा तो शनिवारी रात्री येतो, रविवारी दुपारी जातो. साताऱ्यात खोली घेता येते, अडचण ती नाही. अडचण शब्दाची आहे. सून नवऱ्याकडे राहायला गेली तर गावात त्याला 'वेगळं निघणं' म्हणतात. मोठ्या जावेने ते केलं, त्याला अकरा वर्षं झाली. अजून तिच्या नावामागे तो शब्द लावूनच बोलतात. नोकरीची बदली झाली तर मात्र कुणाला काही म्हणता येत नाही. बदली सरकारी असो की पार्लरची.

म्हणून पार्लरच्या मालकीण संयोगिता घोरपडे यांनी साताऱ्याला शाखा काढायची ठरवली, तेव्हा चंदनाला पहिल्यांदा एक वाट दिसली. शाखेवर एक जण जाणार होती. चंदना किंवा पल्लवी. दोघींचं काम सारखं आहे. संयोगितांनी तोड काढली: दोघींनी एकाच दिवशी एकमेकींच्या डोळ्यांवर सेट लावायचा, चौदाव्या दिवशी फोटो. जिच्या डोळ्यांवरचा टिकेल तिचा फोटो साताऱ्याच्या दुकानाच्या काचेवर लागेल आणि ती तिथे बसेल. "गिऱ्हाईक तुमचं बोलणं नाही ऐकत," त्या म्हणाल्या, "तुमचे डोळे बघतं."

दिवस ठरला गणेश चतुर्थीचा, कारण त्या दिवशी पार्लर रिकामं असतं. चंदना हो म्हणाली. दुसऱ्या दिवशी, पंचमीला, जैनांचं दहा दिवसांचं दशलक्षण पर्व बसतं हे तिला माहीत होतं. तिने उपवासाचा हिशोब केला, बसचा केला, शाखेसाठी लागणाऱ्या सामानाचीही यादी केली. फक्त एक गोष्ट तिच्या ध्यानात आली नाही, कारण ती रोजचीच होती.

देवळात मूर्तीला अभिषेक झाला की ते पाणी, गंधोदक, भाविक कपाळाला आणि डोळ्यांना लावतात. गुणमाला ते छोट्या वाटीतून घरी आणतात आणि सुनेला स्वतःच्या हाताने लावतात. एरवी ते साधं पाणी असतं. पर्वाच्या दहा दिवसांत अभिषेक पंचामृताचा असतो. दूध, तूप, दही, नारळाचं पाणी, वर चंदनाचा लेप. वाटीत उतरतं त्यावर तुपाचा तवंग असतो.

पंचमीच्या सकाळी, सेट लावून पुरते वीस तासही झाले नव्हते, गुणमालांनी दोन बोटं वाटीत बुडवली आणि म्हणाल्या, "डोळं मीट."

चंदनाने मिटले. नाही म्हणायचं तिच्या मनात आलं नाही. ती लहानपणापासून हे लावून घेत आली आहे आणि तिचा त्यावर विश्वास आहे. बसमध्ये बसल्यावर तिने टिशूने टिपलं, बॅटरीवरचा हातपंखा दोन्ही डोळ्यांपुढे धरला. शेजारची बाई म्हणाली, "एवढं उकडतंय व्हय?" बाहेर भुरभुर पाऊस होता.

तिसऱ्या दिवशी तिने धीर केला.

"आत्या, कपाळालाच लावा की. डोळ्याला चार दिवस पाणी चालत न्हाई."

"हे पाणी हाय व्हय?"

"न्हाई, तसं न्हवं. त्यो गोंद सुटतोय."

गुणमालांनी वाटी खाली ठेवली नाही. आवाजही चढवला नाही. "देवाचं जाग्यावर हाय, गोंद तुझा हाय. सरकायचं कुणी?" मग म्हणाल्या, "माज्या एका डोळ्याला मोतीबिंदू झाला. दुसऱ्याला न्हाई झाला. कशानं, सांग बघू."

चंदनाकडे सांगण्यासारखं एकच होतं. या केसांवर साताऱ्याची बदली ठरणार आहे. ते सांगितलं असतं तर गुणमालांनी कदाचित हात आवरलाही असता. पण मग बदली आपोआप आलेली राहिली नसती. सुनेने मागितलेली, त्यासाठी गंधोदक नाकारलेली, अशी ती झाली असती. जावेला लागलेला शब्द तिला लागला असता, वर देवाचा मान मोडल्याचं निराळं. चंदनाने डोळे मिटले.

भरतेशला तिने फोनवर सांगितलं. तो म्हणाला, "आईला मी सांगू का?"

"तुमी सांगितलं की संपलंच. बायकूनं शिकवलं म्हनतील."

त्यालाही ते पटलं.

तिने जमेल ते केलं. पाठीवर झोपली. पाणी ओतताना तोंड फिरवलं. पार्लरमध्ये आल्याआल्या रोज फेसाने तूप काढलं, ब्रश फिरवला. पण रोज सकाळी थोडं तूप मुळाशी जाऊन बसायचं. सहाव्या दिवशी पोळपाटाजवळ तीन केस सापडले. आठव्या दिवशी गुणमालांनाच वाटीच्या काठाला एक चिकटलेला दिसला. त्यांनी तो चिमटीत धरून उजेडात पाहिला.

"जनावराचा तर न्हाई न्हवं?"

"न्हाई आत्या. प्लास्टिकसारखं असतंय."

"मग ठीक हाय," असं म्हणून त्यांनी बोटं बुडवली.

अनंत चतुर्दशीला पर्व संपलं. पंचामृत थांबलं, साधं पाणी सुरू झालं. फोटोला तीन दिवस उरले होते.

आजचा मंगळवार हा चौदावा दिवस. पाऊण तासाने गुणमाला देवळातून आल्या, वाटीत बोटं बुडवली, चंदनाने डोळे मिटले. आठ दहाच्या बसने ती सांगलीला गेली. साडेदहाला संयोगितांनी दोघींना खिडकीजवळ बसवलं आणि फोटो काढले. पल्लवीच्या पापण्या जवळपास भरलेल्या होत्या. चंदनाच्या उजव्या डोळ्यावर अठ्ठावन्न केस होते, डाव्यावर एकेचाळीस. समोरून लावणाऱ्याचा उजवा हात आधी डाव्या डोळ्यावर येतो, बोटांवरचं जास्त तिथेच उतरतं.

"तू पल्लवीवर लावलेलं चांगलं बसलंय, आणि पल्लवीनं लावलेलं कधी असं सुटत नाही," संयोगिता म्हणाल्या. "केलंस काय तू?"

"घरी पाण्यात काम असतं मॅडम."

"गिऱ्हाइकाला तूच सांगतेस ना, पाणी लावू नका म्हणून?"

"व्हय."

संयोगितांनी फोटो पुन्हा मोठे करून पाहिले. साताऱ्याला पल्लवी जाईल, असं त्यांनी सांगितलं आणि पुढच्या गिऱ्हाइकाची वेळ विचारली. पल्लवी दुपारी डबा उघडून बसली, पण जेवली नाही. "चंदाताई, मला साताऱ्यात कुणीबी न्हाई गं. मी काय मागितलं नव्हतं."

"मागून कुठं मिळतंय," चंदना म्हणाली. "जेव तू. पावणेदोनला रिफिल हाय, गळलेले केस भरायचेत."

संध्याकाळी उरलेले नव्व्याण्णव केस पल्लवीने औषध लावून काढले. अर्धा तास लागला. मोकळ्या पापण्यांनी चंदना साडेसहाच्या बसने घरी आली. सूर्य मावळायच्या आत जेवायची वेळ चुकली होती, म्हणून ती जेवली नाही. गुणमालांनी तिच्याकडे निरखून पाहिलं. "आता कसं माणसावानी दिसतंय," त्या म्हणाल्या. नवऱ्याला तिने चार शब्दांचा मेसेज पाठवला: पल्लवी जाणार. मी इथंच.

सांगलीच्या पार्लरमध्ये काम करणाऱ्या प्रत्येकीच्या डोळ्यांवर सेट असला पाहिजे, हा नियम संयोगितांनी आता घातला आहे. उद्या, बुधवारी, दहा ते बारा चंदनाच्या पापण्यांवर नवा सेट बसेल. त्यानंतर अठ्ठेचाळीस तास डोळ्यांना पाणी लावायचं नाही. परवाचा अभिषेक पहाटे साडेपाचला आहे.