चावी मेस्त्रींच्या खिशात

भाऊ मेस्त्रींची आणि माझी ओळख झाली ती त्यांनी आमच्या घरचा चहा बंद पाडला तेव्हा. साठीच्या गौरव अंकात असं लिहू नये म्हणतात. पण झालं ते असं.

धामापूरला आमच्या गोठ्यामागे शेणगॅसची टाकी बसली. धुराने आईचे डोळे सुजायचे; चूल सोडा, नाहीतर दृष्टी जाईल, असं डॉक्टरांनी बजावलं होतं. मी नुकताच बी.एस्सी. झालेला. टाकीचा पाइप शेगडीपर्यंत आणला, टोकाला सायकलची ट्यूब चढवली, वर सुंभ आवळला आणि आधण ठेवलं. तेवढ्यात बोटींवर पायपांची कामं करून गावी परतलेले मेस्त्री दारात आले. नाक वर करून हुंगलं. आत येऊन कॉक बंद केला आणि त्याची चावी खिशात टाकली.

"झिला, चुलीर सायकल चलवतंस?"

दुसऱ्या दिवशी त्यांनी सगळं नव्याने जोडलं. पायपांच्या आट्यांवर गळती रोखायला ताग आणि सफेदा, नवी रबरी नळी, तिच्या दोन्ही टोकांना पट्ट्या. मला वाटलं, सुटलो. कसलं! त्यांनी आईपुढे साबणाचा फेस ठेवला. फेस लावून प्रत्येक सांधा तिने तपासायचा, गळतीचा बुडबुडा शोधायचा. ते रोज येणार, शिकवणार आणि चावी घेऊन जाणार. आठ दिवस! गॅस हाताशी आणि आई धुरात.

"मला शिकवा ना, मी बघतो," मी ओरडलोच.

"तू पुण्याक जातलस. हय कोण ऱ्हवतला? तुझी आवस."

ते खरं होतं, म्हणून मी जास्तच चिडलो.

नवव्या दिवशी आई एका सांध्यापाशी थांबली. पदराने डोळे पुसून परत वाकली.

"मेस्त्रीनू, ह्यो बघा बुडबुडो. तुमच्याच सांध्याक! आता दिया ती चावी."

मेस्त्रींनी चष्मा पुसला, बघितलं आणि ते मोठ्याने हसले. "माका नाय दिसलो, वयनी!" सांधा आवळला आणि चावी आईच्या हातावर ठेवली.

देवगडपर्यंत जिथे जिथे त्यांनी गॅस जोडला, तिथे घरोघर हाच छळ.

आईचे डोळे आता बरे आहेत. चावी तिच्या कनवटीला असते. सुट्टीत चहा मागितला की ती आधी माझ्यापुढे फेस ठेवते.

मेस्त्रींना खूप आयुष्य लाभो, गुडघे शाबूत राहोत. अजून पुष्कळ आयांच्या हातावर त्यांनी चाव्या ठेवाव्यात. आमचा चहा उशिरा झाला तरी चालेल.