गळ्यापर्यंत मीठ

हिंगोलीच्या कापसाच्या जिनात बाजाराच्या दिवशी यंत्रं बंद असायची. बाकीच्यांना तो दिवस पुरायचा नाही. कुणाला गावी जाऊन यायचं असे, कुणाला बैल बघायचा असे. मला मात्र तो दिवस सकाळपासूनच अंगावर यायचा. सहा दिवस त्या खडखडाटात कुणालाच कुणाशी बोलता येत नसे, त्यामुळे मी एकटा आहे असं वाटायचं नाही. सातव्या दिवशी आवाज थांबला की कळायचं, बोलायला कुणी नाहीच.

मी कोकणातल्या मिठागराच्या गावचा. मराठी चौथी झाली, वडील गेले, आणि मी शाळा सोडून वडिलांच्या जागी मीठ ओढायला लागलो. सात वर्षं ओढलं. मग आमच्या गावच्या एका फिटरने मला एवढ्या लांब, निजामाच्या मुलखात आणलं आणि रुई काढायच्या यंत्रांना तेल घालायच्या कामावर चिकटवून दिलं. त्याचे उपकार मी आजही मोजतो. पण महिन्याभरात तो दुसऱ्या कारखान्यात निघून गेला आणि मी राहिलो. काम चुकेल, कुणी ओरडेल, परत पाठवतील, या धास्तीत माझा दिवस जायचा.

आईला वाचता येत नव्हतं. माझी पत्रं तिला शाळेतले मास्तर वाचून दाखवत. माझी शाळा सोडवू नका म्हणून आमच्या घरी दोनदा येऊन गेलेले तेच मास्तर. त्यांच्या तोंडून माझं रडगाणं तिला ऐकू जावं हे मला नको होतं. म्हणून पत्रात लिहायला काहीतरी पाहिलेलं लागायचं. कयाधू नदी लिहून झाली, नरसीचं देऊळ लिहून झालं, पलटणीच्या वेळचे जुने बंगलेही झाले. मग जिनाच्या पहारेकऱ्याला विचारलं, अजून इथं पाहण्यासारखं काय आहे?

तो म्हणाला, "नरसीच्या अल्याड गोसाव्याच्या समाध्या हायत. जाय, बघ. तिथं समदे बसलेले हायत, एकबी आडवा न्हाई."

पौषातला बाजाराचा दिवस होता. कापूस वेचून झालेल्या रानांमधून दीडदोन तास चालत गेलो. ओढ्याच्या काठी चिंचेची दोन झाडं, त्यांच्या खाली दगडी ओटे. काहींवर पिंड, काहींवर नुसती पावलं कोरलेली. नाव एकावरही नव्हतं. कडेला एक झोपडी होती. तिच्यातून विटकी भगवी छाटी नेसलेला एक म्हातारा गोसावी बाहेर आला आणि मी काही विचारायच्या आधीच दाखवायला लागला.

"हे माह्या गुरूचे गुरू. हे गुरू. हे गुरूबंधू, लई तापट व्हते, आता गप बसलेत." स्वतःच्याच बोलण्यावर तो जरा हसला. "आमाला जाळत न्हाईत, लेकरा. मांडी घालून बसवायचं, तोंड उत्तरंला, अन् वरून मीठ. मिठात माणूस जशाला तसा ऱ्हातो."

ओळीच्या शेवटी बाभळीच्या काट्यांनी झाकलेलं काहीतरी होतं. त्याने काठीने काटे बाजूला सारले. खाली चौकोनी, नीट तासलेला खड्डा.

"अन् ही माही जागा. म्याच खंदली." मग माझ्याकडे वरपासून खालपर्यंत बघून तो म्हणाला, "तू माह्याच उंचीचा हायेस. जरा उतरून बसतोस का? मीठ कुठवर लागतं ते बघायचंय. स्वतः बसलं तर वरून दिसत न्हाई."

नाही म्हणायचं मला कधीच जमलं नाही. त्यातून साधू माणूस. मी चपला काढल्या, खाली उतरलो आणि मांडी घातली. तळाची माती गार होती. वर चौकोनी आभाळ आणि त्याच्या कडेला म्हाताऱ्याचं डोकं. भीती वाटेल असं वाटलं होतं, पण वाटली ती लाज, कारण मला तिथं बरं वाटत होतं. कुणी हाक मारणार नव्हतं, कुणी ओरडणार नव्हतं. मी तसाच बसून राहिलो असतो.

"गळ्यापर्यंत पाह्यजे," तो वरून म्हणाला आणि काठी माझ्या खांद्याजवळ टेकवली. "तितकं मीठ व्हतं माह्याजवळ. चोरलं."

आलेगेले यात्रेकरू त्याला ओंजळ-ओंजळ मीठ देत. झोपडीत उंदीर-घुशी, म्हणून तो ते सरळ खड्ड्यातच टाकून ठेवायचा. दर साल पावसाळा सरला की मीठ गायब. शेजारच्या शेतकऱ्याचा बैल सारखा इकडे ओढ घेतो हे त्याने पाहिलं होतं. त्यावरून त्याने चार लोकांत त्या शेतकऱ्याला चोर म्हटलं होतं. चार वर्षं दोघांचं बोलणं बंद. गावाने शेतकऱ्याची बाजू घेतली. चेला होता तोही कंटाळून निघून गेला.

"गुरूला बसवाया गावचे चौघं आलते," तो म्हणाला. "मला कोण बसवंल? कुणाला तकलीफ नको म्हून आडवा टाकून जाळून मोकळं व्हतील."

मी बसल्या जागी तळाची चिमूटभर माती जिभेवर ठेवली. मिठागरावरच्या माणसाचा हात आपोआपच जातो. माती खारट होती, आमच्या बांधावरच्या चिखलासारखी. मला तेव्हाच कळलं. आमच्याकडे मिठाच्या राशीवर पावसाळ्याआधी पेंढा शाकारतात, कारण ओल लागली की मीठ पाझरतं आणि जमिनीत निघून जातं. या कोरड्या मुलखात मीठ येतं ते मुठीने आणि संपतं ते डाळीत. ते सांभाळावं लागतं हे त्याला कोण सांगणार?

पण मी बोललो नाही. साधूला तुम्ही चुकलात म्हणायचं मी कोण, चौथी शिकलेला? त्याने मला ताक दिलं, अर्धी भाकर दिली. मी पाया पडून परत आलो. आईला पत्रात ओटे लिहिले, पावलं लिहिली. खड्ड्याचं लिहिलं नाही.

तो आठवडा वाईट गेला. यंत्रात तेल घालताना तो वरून वाकलेला चेहरा दिसायचा. पुढच्या बाजारी मी पहाटेच निघालो.

तो झोपडीत पडून होता. अंगात ताप. मी पाणी दिलं आणि घोट संपायच्या आत बोलून टाकलं, नाहीतर पुन्हा राहिलं असतं. "महाराज, तुमचं मीठ कुणी नेलेलं नाही."

"मंग गेलं कुठं? पाय फुटले त्याला?"

"पावसाच्या पाण्याने जमिनीत गेलं."

"मीठ कधी मरतं का? मीठ टिकतं म्हून तर आमाला मिठात ठेवत्यात."

मी खड्ड्यात उतरून मातीचं ढेकूळ आणलं आणि त्याच्या हातावर ठेवलं. त्याने जीभ लावली. पुन्हा लावली. मग त्याने भिंतीकडे तोंड फिरवलं.

"तो आसंल वावरात," तो भिंतीलाच म्हणाला. "त्याला सांगून ये."

शेतकरी तुरीत होता. पन्नाशीचा, बारीक अंगाचा. त्याने माझं सगळं ऐकून घेतलं, ढेकूळ हातात घेतलं, चाखलं नाही.

"तू कुठला?"

"कोकणातला. मिठागरावरचा."

"तिथून आलास मला सांगाया, का म्या चोर न्हाई? मला ठावं हाय ना ते." त्याने ढेकूळ फेकून दिलं. मग आवाज खाली आणून म्हणाला, "पर बैल तिकडं जायाचा, हे खरं. चाटायाचाबी. म्हून मला तोंड उघडता येईना. वाटायचं, खाल्लंबी आसंल. मुकं जनावर, इचारावं कसं?"

"त्याने मातीच चाटली. मातीच खारट झाली होती."

"चार वर्सं," तो म्हणाला, आणि पुन्हा तूर कापायला वाकला.

मी त्याला सांगितलं की यापुढचं मीठ झोपडीच्या आढ्याला टोपलीत टांगून ठेवा, खाली-वर पेंढा घाला. त्याने मान वर केली नाही. मला उजेडात परत पोचायचं होतं. ओढा ओलांडताना मागे पाहिलं तेव्हा शेतकरी झोपडीच्या दाराबाहेर उभा होता. हातात विळा, पायात वहाणा. आत गेला की नाही, ते मला दिसलं नाही.

त्यानंतर हंगामाची घाई लागली. मालकाने बाजाराची सुट्टी बंद केली. होळीनंतर कपास संपली, जिन बंद पडलं आणि मी घरी गेलो. आईला सगळं सांगितलं, मी खड्ड्यात बसलो होतो तेवढं सोडून. दिवाळीनंतर परत निघालो तेव्हा माझ्या कपड्यांशेजारी तिने एक पिशवी ठेवली होती. मिठाची. वरून घट्ट शिवलेली.

"त्याला पुरायचं नाही तिथलं," ती म्हणाली.

सरहद्दीवर निजामाच्या करोडगिरीच्या, म्हणजे जकातीच्या, कारकुनाने पिशवी उसवायला लावली. मीठ बघून तो माझ्याकडे बघत राहिला. "हमारे मुल्क में नमक नहीं मिलता?"

मी कसंबसं सांगितलं. एक साधू आहे, त्याच्या समाधीसाठी आहे. त्याने सुईदोरा असलेल्या एका बाईला हाक मारली, पिशवी पुन्हा शिवून घेतली आणि मला जा म्हणाला. त्या माणसाचे मी धड आभारही मानले नाहीत.

पहिल्याच बाजारी गेलो. दुरूनच ओळीच्या शेवटी नवा ओटा दिसला. झोपडीवरचा पेंढा कुणीतरी काढून नेला होता. मी पिशवी खांद्यावर घेऊन तसाच उभा राहिलो.

शेतकऱ्याने मला पाहिलं. बैल मोकळे सोडून तो बांधावर आला.

"श्रावणात गेला," तो म्हणाला.

मी नव्या ओट्याकडे पाहिलं. मला काय विचारायचं होतं ते त्याला कळलं असावं.

"बसवला. म्या अन् गावचे तिघं. तोंड उत्तरंला."

"मीठ?"

"आढ्याला टांगलं व्हतं तू सांगितलं तसं. छातीपर्यंत आलं. मंग घरची बरणी आणली. माह्या बायकोनं शेजारणीची आणली. मोमिनाच्या घरून आली. गळ्यापर्यंत केलं बराबर, कमी न्हाई."

आम्ही ओट्याजवळ गेलो. पावसाने भिजून सुकलेल्या दगडांच्या सांध्यांतून खाली पांढरी रेघ उमटली होती. वाढत्या उन्हात मिठागरात कोंडीच्या, खाऱ्या पाण्याच्या वाफ्याच्या, कडेला उमटते तशी. माझं बोट तिकडे गेलं आणि मी ते मागे घेतलं.

मोकळा बैल चालत आला. मान वाकवून सावकाश ती पांढरी रेघ चाटू लागला. मी शेतकऱ्याकडे पाहिलं.

"चाटू दे," तो म्हणाला. "आता कोण चोर म्हणतो त्याला?"

पिशवीचं काय करायचं ते मला कळेना. शेतकऱ्याला देऊ केली. तो म्हणाला, ठेव तुझ्याजवळ, तुझ्या मायनं दिलंय. ती मी परत नेली. तो हंगामभर डाळीत तेच मीठ घातलं. बाजाराच्या दिवशी मी नंतर तिकडे गेलो नाही. पाहायला आता काही उरलं नव्हतं, आणि दाखवायलाही कुणी नव्हतं.

त्या आठवड्याच्या पत्रात आईसाठी एवढंच लिहिलं, की म्हाताऱ्याला मीठ पुरलं. मास्तरांना त्याचा अर्थ लागला नसेल. तिला लागला असेल.