बॉम्ब फुटला त्या आठवड्यातला राब

“ढग जळाले! यंदाचा पाऊस विसरा!” मोखाड्याच्या स्टँडवर एस.टी.चा ड्रायव्हर ओरडत होता. राजस्थानात अणुबॉम्बची चाचणी झाली, त्या आठवड्यातली ही गोष्ट. मी काही मागं राहणारा नव्हे. त्या धक्क्यानं माझा चहा कपातून हातभर उडाला आणि थेंबही न सांडता पुन्हा कपात बसला, असं मी शपथेवर सांगून टाकलं.

बाकावर माझ्या शेजारी एक म्हातारा होता. राब भाजायला काड्यापेटी घ्यायला आलेला. शेतात पाला, शेण रचून तयार होतं. ते जाळायचं आणि त्या राखेत नाचणी पेरायची. पाऊस आलाच नाही, तर पाला गेला, बी गेलं, घराचं वर्षाचं खाणं गेलं. काड्यापेटी या हातातून त्या हातात फिरवत तो आभाळाकडे बघत होता.

“दादा, त्या बॉम्बवाल्यांनी पण जमीन भाजली?” त्यानं हळूच विचारलं.

“भाजली म्हणजे काय, पार आतून भाजली.”

“मंग पेरलं काय?”

“काहीच नाही, बाबा.”

त्याची बोटं आपसूक बी सोडल्यासारखी हलली. क्षणभर मलाही त्या दूरच्या वाळवंटात काळ्या राखेवर नाचणीची कोवळी रोपं डुलताना दिसली.

म्हातारा गावाकडे निघाला. “बाबा, पाऊस नाही आला तर?” मी मागून विचारलं.

“राब नाय भाजला, तं येऊन तरी काय करल?”