एका सर्व्हिसपुरता आत गेलेला माझा भाऊ

या, जवळ येऊन बसा जरा. अन् आधी माझी बोलणी खा. दीड महिन्यामागं पेपरात कोपऱ्यात चार ओळी आल्या होत्या, साखर कारखान्याच्या व्हॉलीबॉल संघातले माजी राखीव खेळाडू दिगंबर वारले म्हणून. तुमी त्या वाचल्या असतील अन् पान उलटलं असंल. राखीव म्हणलं की संपलंच तुमचं! पर तुमाला तरी कोणत्या तोंडानं बोलू... त्याची सख्खी मोठी बहीण असून मीबी इतकी वर्षं तेच केलं. माझा भाऊ मैदानात नेमका काय होता, हे मला तो गेल्यावर कळलं. म्हणून हे लिहून राहिले.

तो गेला त्या दिवशी मी जवळा बाजार गावाला होते. आठवडी बाजार, पुढ्यात मेथीच्या जुड्या. आमच्या गावचा जीपवाला गर्दीतून आला. भाव न्हाई इचारला, काही न्हाई, खाली बसून मेथी गोणीत भराय लागला. म्हणलं, "काय रे, सगळीच घेऊन राहिला का काय?" तर म्हणतो, "आक्का, घरी चला." जीपमधी कोणी बोलंना, तवाच समजले. छातीत कळ आली म्हणं. घरी गेले तर चुलीपाशी त्याचा चहाचा कप धुऊन पालथा घातलेला. कोणाला तकलीफ द्यायची न्हाई, हे त्याचं शेवटपर्यंत.

आमचं मेंढरांचं घर. माय लवकर गेली, दिगू माझ्याच मागं मागं रानात वाढला. मेंढरू वळवायला दगड मारत्यात, पर तो मेंढराला लागला तर बाप आमाला मारायचा. दगड पुढच्या मेंढराच्या नाकापुढं पडला पाहिजे, म्हंजे ते दचकून फिरतं अन् मागचा सगळा कळप फिरतो. दिगूचा दगड कधी लागला न्हाई अन् कधी वायाबी गेला न्हाई. शाळेत मास्तरनं त्याच्या हातात बॉल दिला. उंची बेतास बात, जाळीवरून मारायला हात पुरंना, पर मागून सर्व्हिस अशी टाकायचा की मास्तर नुसते बघत राह्यचे. त्याच्यावरच त्याला तिकडं लांब, उसाच्या मुलखातल्या कारखान्यानं नोकरी देऊन खेळायला नेलं. तवा हिंगोली जिल्हा झाला न्हवता, आमी परभणीतलेच.

गावाला काय समजायचं? दिवाळीला आला की पारावरचे म्हणायचे, "काय दिगंबरराव, यंदा किती बाकडी गरम केली?" तो हसून चंची पुढं करायचा. एकदा भाकरी थापता थापता मीच इचारलं, "खरं सांग, तू करतोस काय तिथं?"

"उंच गडी सर्व्हिसला मागं आला की त्याला भायेर काढत्यात, मी आत जातो. पॉइंट येत्यात तवर सर्व्हिस करतो. गेली की भायेर."

"अन् मग?"

"मग बसतो."

"दिवसभर?"

"डावात एकदाच जाता येतं, आक्का."

मी हसले. म्हणलं, "इतक्या लांब जाऊन इतकंच?" तोबी हसला. पर जाताना दर खेपेला म्हणायचा, "एकदा येऊन बघ की. सांगून कळत न्हाई ते." त्याला दुसरं काही नको होतं. बायको पहिल्या बाळंतपणातच लेकरासकट गेली, त्यानं दुसरी केली न्हाई. त्याचा खेळ बघायला जाईल असं घरचं माणूस मी एकटीच उरले होते.

अन् मी गेले की बघायला! त्याचा संघ हिंगोलीला सामन्याला आला तवा सगळं गाव ट्रॅक्टरच्या ट्रॉल्यांत भरून गेलं. आमच्याकडं घरचा माणूस चार लोकांत उभा राहिला की हलगी वाजलीच पाहिजे. नवरदेव निघाला, वाजवा. जत्रेत बैल पळाला, वाजवा. गप बसणं म्हंजे पाठ फिरवणं. मी हलगीवाल्यांना बजावलं होतं, "दिगू उठला की सुरू करायचं, तो परत बसस्तोवर हात थांबवायचा न्हाई."

बराबरीचा शेवटचा डाव होता. दिगू उठला अन् अशी हलगी कडाडली म्हणता! तो मागच्या रेघेवर बॉल घेऊन उभा राहिला. एकदा पंचाकडं बघितलं, एकदा आमच्याकडं. उभाच. बॉल काही हातातून सुटंना... पंचानं हात केला, सर्व्हिस समोरच्यांना गेली अन् दिगूला भायेर बोलावलं. बॉल मारलासुद्धा न्हाई त्यानं. थोड्याच वेळात डावबी गेला. आमचे गडी दिगूच्या संघाच्या साहेबाच्या अंगावर धावले, "लेकराला एक तरी मारू द्यायचा होता की!" अन् मी? ट्रॉलीपाशी भेटला तवा म्हणलं, "गोठलास काहून रे? साऱ्या गावापुढं मान खाली घालायला लावलीस."

"व्हय आक्का, हात गोठला." मग म्हणाला, "जेवलीस का?"

त्याच्यानंतर कधीच म्हणला न्हाई, येऊन बघ म्हणून.

पुढं खेळाचा कायदाच बदलला. आधी सर्व्हिस चुकली तर नुसती सर्व्हिस जायची, आता समोरच्याला पॉइंटच मिळाय लागला. मग त्याच्यासारखी अवघड सर्व्हिस करणाऱ्याला आत कोण पाठवतं? अख्खे सामने तो बसूनच राह्यला. मग गेटवर ड्युटी, अन् एक दिवस पत्र्याची पेटी घेऊन घरी आला. पाच-सहा वर्षं आमी दोघंच त्या घरात. शेरडांचं बोललो, मेथीचं बोललो. त्या सामन्याचं एक अक्षर न्हाई.

तेराव्याला त्याच्या संघातला एक गडी आला, विश्वासराव. रातभर प्रवास करून आलेला, पायातले बूटबी न काढता रडला. मी आपलं बोलायचं म्हणून बोलले, "खेळात काही नाव न्हाई निघालं बिचाऱ्याचं."

"कोण म्हणतं, ताई?" तो ताडकन बोलला. "त्याचा बॉल दोघांच्या बरोबर मधी पडायचा. दोघं एकमेकांकडं बघायचे, तू घे, तू घे... तोवर बॉल खाली! हरलेले डाव फिरवलेत ओ त्यानं. कुठं शिकला होता, कधी सांगितलं नाही." मी त्याला मेंढरांचं सांगितलं.

मग मीच इचारलं, हिंगोलीला हात काहून गोठला म्हणून.

"हात?" विश्वासराव माझ्याकडं बघतच राहिला. "ताई, शिट्टी झाली की पाच सेकंदात मारावं लागतं. त्या हलगीत त्याला शिट्टीच ऐकू गेली नाही. साहेब म्हणाले, गावकऱ्यांना जाऊन सांग. तर म्हणाला, त्यांच्यात माझी बहीण आहे, तिला यातलं काही कळू देऊ नका. माझाच हात गोठला म्हणा."

...तुमी सांगा, आता हे ओझं मी कोणाला नेऊन देऊ? पाच-सहा वर्षं एका चुलीवरचं खाल्लं. एकदा नीट इचारलं असतं तर! पर मी इचारलं न्हाई अन् त्यानं माझी लाज झाकून ठेवली. विश्वासराव दुसऱ्या दिवशी परत गेला. घरात परत मी एकटी.

दिगू ओट्यावर कायम काठाला बसायचा. भिंतीला कधी टेकला न्हाई, टाचा उचललेल्या, आत्ता उठंल असा. मी वरडायचे, "अरे नीट टेकून बस की, कुठं जायचंय तुला?" आता दुपारी मी त्या काठाकडं बघत बसते. त्याला कुठं जायचं असायचं ते आता समजतं, अन् ते मी एकदाबी बघितलं न्हाई. तुमच्यापैकी कोणी तरी बघितलं असंल. कुठल्या तरी गावच्या मैदानावर, एक बुटका गडी मागच्या रेघेवर आला, दोघांच्या मधी बॉल टाकला अन् परत जाऊन बसला, एवढंच आठवत असंल तरी चालंल. औंढ्याहून जवळा बाजारच्या वाटंवर कोणालाबी इचारा, मेंढरावाल्या आक्काचं घर दाखवत्यात. भाकरी-पिठलं करीन, घाई करणार न्हाई. त्याच्याच जागी बसा अन् मला सगळं सांगा, बॉल कसा गेला, कुठं पडला, तो परत येऊन बसला तवा हसला का... माझंबी वय झालंय, लेकरांनो. लवकर या.