कळसच्या घराच्या भिंती

कळस गावातलं आमचं घर आजोबांनी शेतातल्याच मातीच्या विटा भाजून बांधलं. जोडकाम चिखलातलं, भिंती हातभर जाड, आतून गिलावा नाही. काचबिंदूनं वडिलांची दृष्टी गेली, तरी त्या घरात त्यांनी कधी कुणाचा हात धरला नाही. विटांवरून बोटं फिरवत ते चालत. कोनाडा लागला की पुढं स्वयंपाकघर, घासून गोल झालेला कोपरा लागला की न्हाणी.

गेल्या पावसाळ्यात पाणी मुरून मधल्या खोलीच्या भिंतीला पोट आलं. गवंडी म्हणाला, आता दुरुस्ती नाही, भिंत कधीही खाली येईल. मी वडिलांना जळोचीला माझ्याकडे न्यायचं ठरवलं.

"पडंल तवा पडंल. मला वळखती ती भिंत," ते म्हणाले.

"आबा, अंगावर पडताना ओळख दाखवायची नाही ती," मी म्हणाले आणि त्यांचे कपडे पिशवीत भरले.

माझ्या घरात शिरल्यावर त्यांनी भिंतीवरून हात फिरवला आणि ते थांबले. "समदीकडं सारकंच गुळगुळीत. घर हाय का दवाखाना गं?"

त्यांना धरून चालता यावं म्हणून मी खोल्यांतून दोरी बांधून पाहिली. तरी आबा न्हाणीकडे म्हणून निघाले आणि दोनदा जिन्याच्या तोंडाशी पोहोचले. त्यानंतर त्यांनी एकट्यानं उठणं सोडलं.

कळसची ती भिंत महिन्याभरात कोसळली. त्यांना आणलं ते बरोबरच होतं. आता ते दिवसभर खुर्चीत बसतात आणि पावलं वाजली की कोण आहे ते न विचारताच हात पुढे करतात.