रेझाँचे कान आणि रेझाँचे पाय

नवा गेम घरात आला की लोक आधी तो खेळून बघतात. रेझाँ लाफ्रेन्येर आधी त्याचं तोंड बंद करतो. डोंगर, किल्ले, राक्षस सगळे पडद्यावर ताटकळत उभे असतात आणि हा गृहस्थ सेटिंगमध्ये शिरून आवाजाच्या पट्ट्या शोधत बसतो. पावलांचा आवाज, दारांचा आवाज, साथीदारांचं बोलणं, या सगळ्या पट्ट्या तो पार उजवीकडे नेतो. ‘संगीत’ लिहिलेली पट्टी तेवढी डावीकडे, शून्यावर. मग कॉम्प्युटरवर आपल्या ओव्हिलाकाकांची फिडल, म्हणजे नाचाला वाजवतात ते व्हायोलिन, लावतो, खुर्ची पुढे ओढतो आणि म्हणतो, “हं, आता बघू.”

ओव्हिलाकाका जाऊन बरीच वर्षं झाली. पण आमच्या स्टर्जन फॉल्स गावाच्या पंचक्रोशीत त्यांच्या फिडलशिवाय लग्न लागलं तरी ते लागलंय असं कुणाला वाटायचं नाही. त्यांनी वाजवलेल्या नाचाच्या धुना रेझाँकडे कॅसेटवर होत्या, मग सीडीवर आल्या, आता कॉम्प्युटरमध्ये आहेत. मध्ये कुणीतरी खोकतं, कुणाची तरी बाटली पडते, तेसुद्धा त्याला पाठ आहे.

गेममधल्या संगीताशी त्याचं वैर जुनं. मुलं लहान होती तेव्हा घरात पहिलं मशीन आलं. त्यातली एकच टिणटिण दिवसभर गोल गोल फिरायची. एका शनिवारी त्याची बायको ह्युगेत मांस भरून भाजायच्या मीट-पायसाठी कणीक लाटत होती. हात त्याच टिणटिणीवर चालतायत हे तिच्या लक्षात आलं तेव्हा तिनं लाटणं खाली ठेवलं आणि बाहेरच्या खोलीत येऊन शांतपणे सांगितलं, की या घरात आजपासून एक तर हे मशीन राहील नाही तर मी. रेझाँनं टीव्हीचा आवाज बंद केला आणि शेजारी कॅसेट लावली. मशीनही राहिलं, बायकोही राहिली. संसारातला इतका स्वस्त तह दुसऱ्या कुणी केला असेल असं वाटत नाही.

तेव्हापासून फिडलशिवाय त्याचा हात चालत नाही. तो नगरपालिकेचा बर्फ लोटणारा ट्रक चालवतो, तिथेही फिडल, तीही इंजिनापासून कान वाचवणाऱ्या वाट्यांतून ऐकू येईल एवढ्या मोठ्यानं. कुठल्या गल्लीत कुठली धून वाजते यावरून लोक रेझाँ कितव्या फेरीवर आहे ते ओळखतात, अशी गावात थट्टा आहे. ती पूर्ण खोटी नाही.

तर असा हा माणूस. रविवारी प्रार्थनेहून आला, मीट-पाय आणि मेपलच्या पाकातला घेवडा पोटात गेला, की दुपारी तो आपल्या चमूत खेळायला बसतो. चमूत याच्यासकट चौघं. इव्हाँ गावातला इलेक्ट्रिशियन, त्याचा भाऊ गाएताँ, जो बोलत नाही, फक्त जिंकतो, आणि कॅप्टन मिरेय, रेझाँच्या बहिणीची मुलगी. मिरेय वर टिमिन्समध्ये दातांच्या दवाखान्यात लोकांचे दात साफ करते. समोरच्याचं तोंड उघडं ठेवून एकटीनंच बोलायची तिला सवय, त्यामुळे कॅप्टनपद आपोआप तिच्याकडे गेलं.

गेम साधा आहे. बर्फात अडकलेली एक जुनी लाकडाची गिरणी, आत आपले चौघं आणि समोरचे चौघं. ज्याला दुसऱ्याचं पाऊल आधी ऐकू येईल तो वाचला. म्हणजे सगळी मदार कानांवर, आणि रेझाँच्या कानांत ओव्हिलाकाका. मिरेयनं त्याला हेडफोन घे म्हणून किती वेळा सांगितलं. त्याचं उत्तर ठरलेलं. आठवडाभर ट्रकमध्ये कानांवर वाट्या लावून असतो, रविवारी तरी कानांना हवा लागू दे. त्यामुळे फिडल स्पीकरमधून निघायची, माइकमध्ये शिरायची आणि चौघांच्याही घरी पोचायची. शत्रू जिन्यात आला तरी कुणाला पत्ता नाही.

एकदा त्यानं फिडल बंद करून पाहिली. खांदे दगड झाले आणि तो सरळ जाऊन भिंतीला धडकत राहिला. मग ठरवलं, की फिडल चालू ठेवायची आणि धोका वाटला की की-बोर्डवरचं बटण दाबून थांबवायची. पण दोन्ही हात कंट्रोलरवर गुंतलेले. तिसरा हात देवानं दिलेला नाही. एक हात सोडून बटण गाठेपर्यंत हा मेलेला असायचा. एकदा तर घाईत फिडल थांबवायच्या ऐवजी माइक बंद केला आणि जिन्यावर तिघे आहेत, तिघे, असं जिवाच्या आकांतानं ओरडला. स्वयंपाकघरात ह्युगेतनं ऐकलं, रस्त्यावरच्या कुत्र्यानं ऐकलं. चमूत कुणी ऐकलं नाही. चौघंही त्याच जिन्यावर मेले.

त्या दिवशी मिरेय नेहमीसारखी करवादली नाही. हळू बोलली, तेच वाईट.

“मामा, पुढच्या रविवारी नॉर्थ बेवाल्यांशी सामना आहे. फिडलमुळे परत पावलं बुडाली तर तुझ्या जागी इव्हाँचा शेजारी रोलाँ खेळेल. आणि हे मी भाची म्हणून बोलत नाहीये.”

“मग कोण म्हणून?”

“कॅप्टन म्हणून. भाची म्हणून बोलले असते तर तुला केव्हाच काढला असता.”

रेझाँ हसला, पण रात्री जेवताना त्यानं घेवडा दुसऱ्यांदा घेतला नाही, यावरून ह्युगेत काय ते समजली. मुलं ओटावाला गेलेली. बहीण वारली त्यानंतर मिरेयचा आवाज आठवड्यातून एकदा घरात यायचा तो या गेममुळेच. एरवी मामाला फोन करून माणूस बोलणार तरी काय? बर्फ किती पडला? गिरणीत शत्रू मारता मारता मात्र ती सगळं सांगायची: नवीन भाडेकरू, मोडलेलं लग्न, आईच्या हातचं लोणचं आता कुणाला जमत नाही ते. रोलाँ आला की हे सगळं रोलाँला ऐकायला मिळणार.

ह्युगेत घरी बसून हॉस्पिटलमधल्या डॉक्टरांनी बोलून ठेवलेले अहवाल टाइप करते. त्यासाठी तिच्या टेबलाखाली एक पेडल असतं. पायानं दाबलं की डॉक्टर बोलतो, पाय उचलला की गप्प. डॉक्टरला गप्प करायची सोय असलेली ती गावातली एकटीच बाई. बुधवारी तिनं ते पेडल रेझाँच्या टेबलाखाली सरकवलं आणि म्हणाली, रविवारपुरतं देते, मोडलंस तर डॉक्टरांचे अहवाल तू टाइप करायचे.

इव्हाँनं येऊन दहा मिनिटांत जोडणी करून दिली. चाचणीसाठी रेडिओवरच्या बातम्या लावल्या. रेझाँनं पाय दाबला, बातम्या सुरू. उचलला, बंद. दाबला, सुरू. पुन्हा पुन्हा करून पाहिलं, एकदाही चुकलं नाही. इव्हाँ कॉफी पिऊन गेला. रेझाँ चार दिवस नव्या नवरदेवासारखा वावरत होता.

आता बातम्यांना ठेका कोण धरतो? ही गोष्ट दोन शहाण्या माणसांच्या डोक्यात आली नाही, आणि दोघेही जन्मापासून याच मातीतले. आपल्याकडे फिडल सुरू झाली की बसलेल्या माणसाचे पाय बसत नाहीत. टाच, चवडा, टाच, चवडा, दोन्ही पाय जमिनीवर आपोआप वाजायला लागतात. म्हाताऱ्या माणसाचा हात धरून त्याला उठवावं लागतं, पण खुर्चीत बसवून फिडल लावा, पायांना वय नसतं. आणि लाफ्रेन्येर घराणं तर या बाबतीत बदनाम आहे. ओव्हिलाकाकांच्या कॅसेटवर फिडलइतकेच त्यांचे बूट ऐकू येतात.

रविवारी सामना सुरू झाला. रेझाँनं पेडल दाबलं, फिडल सुरू झाली, आणि तिसऱ्या ठोक्याला पाय उचलला गेला. फिडल बंद. ठेका गेला म्हणून पाय खाली आला. फिडल सुरू. सुरू झाली म्हणून पाय उचलला. काकांची अख्खी धून उचकी लागल्यासारखी बाहेर पडायला लागली. त्यानं पाय बदलला. डावा तर उजव्याहून उतावळा निघाला. त्यानं गळ्यातला मफलर काढून पाय खुर्चीच्या पायाला बांधला, तेव्हा गुडघा टेबलाला खालून आपटायला लागला आणि माइक नाचू लागला.

तिकडे टिमिन्समधून मिरेय विचारत होती, की मामा, तुझ्या घरी सुतार आलाय का? इव्हाँ हसून हसून मेला. म्हणजे खरंच मेला, गेममध्ये. गाएताँ एकटा उरला आणि तोही पडला. तीन डावांतला पहिला गेला.

मिरेय म्हणाली, “रोलाँला फोन लाव, इव्हाँ.”

इव्हाँ म्हणाला, की तो मासे धरायला बर्फावर गेलाय, घरी यायला अर्धा तास तरी लागेल. त्यावर मिरेय म्हणाली, की ठीक आहे, एवढा डाव मामा खेळू दे, तिसऱ्याला रोलाँ बसेल. रेझाँ खाली वाकला. मफलर सोडवत राहिला. गाठ पक्की बसली होती.

ह्युगेत दारात उभी राहून हे सगळं ऐकत होती. तिनं स्वयंपाकघरातली खुर्ची ओढत आणली, त्याच्या शेजारी ठेवली आणि बसली.

“पाय काढ.”

“तुला गेममधलं काय कळतं?”

“काही कळत नाही. पाय काढ.”

पेडल तिनं आपल्याकडे ओढून घेतलं. दुसरा डाव सुरू झाला तसा तिनं पाय दाबला आणि फिडल सरळ, सलग वाजायला लागली. रेझाँचे दोन्ही पाय मोकळे झाले. ते लगेच कामाला लागले, आणि हात त्यांच्या मागून. ह्युगेत पडद्याकडे बघतच नव्हती. ती नवऱ्याच्या मानेकडे बघत होती. इतक्या वर्षांच्या संसारात तिला एक गोष्ट ठाऊक झालेली होती. या माणसाला काहीतरी ऐकू येतंय असा संशय आला, तळघरात पाणी ठिबकतंय किंवा पोरगं चोरपावलांनी उशिरा घरी आलंय, की त्याचा डावा खांदा बोटभर वर जातो. त्याला स्वतःला ते माहीत नाही. तो खांदा हलला की ही पाय उचलायची. फिडल थांबायची, त्याचे पाय थांबायचे, आणि त्या शांततेत जिन्यावरचं पाऊल स्पष्ट ऐकू यायचं.

“जिना. एकच आहे,” रेझाँ म्हणाला.

गाएताँनं त्या एकाला उडवलं. ह्युगेतनं पाय दाबला. काका पुढे सुरू.

डावाच्या मध्यावर मिरेयनं विचारलं, की मामा, फिडल नेमकी वेळेवर कशी काय थांबते? रेझाँ म्हणाला, की ते मामीच्या पायात आहे. मग इव्हाँनं विचारलं, की ह्युगेत, मी कधी बोलायचं थांबतो ते पण कळतं का? ती म्हणाली, की तू थांबतोस असं मी अजून ऐकलेलं नाही.

दुसरा डाव त्यांनी घेतला. तेवढ्यात रोलाँचा फोन आला, की मी तयार आहे, बसू का? मिरेय म्हणाली, “मासे धर तू, रोलाँ.” ह्युगेतनं हे ऐकलं आणि खुर्ची थोडी आणखी जवळ सरकवली.

तिसरा डाव लांबला. नॉर्थ बेवाले चांगले खेळले, शेवटी त्यांचा एक उरला आणि इकडे रेझाँ. ह्युगेतचा पाय अधांतरी, फिडल गप्प. रेझाँ गिरणीच्या दारामागे उभा. बाहेर बर्फ करकरला. त्यानं दार उघडलं, वळला आणि सामना संपवला. गाएताँ त्या वर्षातलं पहिलं वाक्य बोलला: “बरं झालं.”

आता एक मान्य करायला हवं. हिवाळ्याच्या शेवटी स्पर्धेत ते जिंकले वगैरे नाहीत. उपांत्य सामन्यात कपस्केसिंगच्या पोरांनी त्यांना धुतलं, आणि ती पोरं रेझाँच्या नातवंडांच्या वयाची होती. पण रेझाँच्या जागेचा विषय पुन्हा कुणी काढला नाही. चमूच्या नावांच्या यादीत मिरेयनं पाचवं नाव घातलं, ‘मामी (पाय)’. नवा माणूस खेळायला आला की विचारतो, हे काय, आणि इव्हाँ पुढची पंधरा मिनिटं सांगतो.

ह्युगेतचा त्रास असेल तर एकच. फिडल आता तिच्या ताब्यात आहे आणि ती नेहमी शत्रूसाठीच थांबते असं नाही. ओव्हन बंद केलास का, डॉक्टरकडची तारीख कधीची, असं काही विचारायचं असलं तरी पाय उचलला जातो. रेझाँ तक्रार करत नाही. शांतता झाली की तो आधी पडद्यावरच्या दाराकडे बघतो, मग बायकोकडे, आणि दोन्हीकडून काय येतंय याची सारख्याच सावधपणे वाट बघतो.

नॉर्थ बेवाल्यांना हरवलं त्या दुपारची मात्र थोडी बाकी राहिली. सामना संपला, सगळे थकून बसले होते. बाहेर उजेड होता अजून. कुणी उठून जाईना. मग टिमिन्सहून मिरेय म्हणाली, “मामी, आता लाव ना. थांबवू नकोस.”

ह्युगेतनं पाय दाबला आणि तसाच ठेवला. ओव्हिलाकाका रंगात आले. रेझाँचे बूट सुरू झाले, इव्हाँचे सुरू झाले, आणि मग मिरेयच्या माइकमधून काहीतरी यायला लागलं. टाच, चवडा, टाच, चवडा, आधी चोरून, मग उघड.

“खालचे भाडेकरू ओरडतील तुझे,” रेझाँ म्हणाला.

“ओरडू देत,” मिरेय म्हणाली. मग आईच्या जुन्या घराचं काय झालं ते सांगू लागली, पाय न थांबवता.